ओढून पाहावा असा त्रिकोण

वाचकहो, आज आपणांस एका त्रिकोणाविषयी बोलावयाचे आहे. त्रिकोणाचे नाव काढताच काही जणांना परीक्षा आठवेल आणि पान उलटावेसे वाटेल. पण जरा थांबा. हा त्रिकोण केवळ वहीत राहणारा नाही. कवेलूच्या घरावरची लाकडी कैची पाहा. डावीकडचे लाकूड जेवढे लांब, तेवढेच उजवीकडचे. दोन्ही वर आढ्यापाशी एकमेकांना भेटतात. बैलबंडीचा पुढचा भाग पाहा. दोन लांब लाकडे मागून निघतात आणि जुवापाशी जवळजवळ येतात. पाणलोटाच्या कामात समपातळी रेषा आखण्याची तीन लाकडांची चौकट पाहा. तिचेही दोन पाय सारखेच. ज्या त्रिकोणाच्या दोन बाजू सारख्या असतात त्याला समद्विभुज त्रिकोण म्हणतात. सारख्या बाजू जेथे मिळतात तो शिरोबिंदू आणि त्याच्या समोरची बाजू म्हणजे पाया.

हा आकार आपल्याकडे फार जुना आहे. दोरी आणि खुंट्या घेऊन यज्ञवेदी कशा आखाव्यात याचे नियम शुल्बसूत्रांत दिलेले आहेत. त्यांत ‘प्रउग’ नावाची वेदी आहे, ती समद्विभुज त्रिकोणाच्या आकाराची. प्रउग म्हणजे रथाच्या किंवा गाडीच्या पुढचा निमुळता भाग. म्हणजे आपल्या बंडीचेच नाव वेदीला मिळाले म्हणा ना! ती आखण्याची रीतही सोपी. आधी चौरस आखावा, त्याच्या एका बाजूचा मध्य काढावा आणि तो मध्य समोरच्या बाजूच्या दोन्ही टोकांना जोडावा. झाला समद्विभुज त्रिकोण. त्याचे क्षेत्रफळ चौरसाच्या निम्मे भरते, म्हणून वेदी जेवढ्या क्षेत्रफळाची हवी त्याच्या दुप्पट क्षेत्रफळाचा चौरस घ्यावयाचा.

मग नवे काय आहे? नवे आहे ते साधन. पूर्वी दोरी होती, पुढे परकार आणि पट्टी आली, आणि आता मोबाइलच्या किंवा संगणकाच्या पडद्यावर भूमितीची आकृती काढता येते. नुसती काढता येते असे नाही, तर काढून झाल्यावर तिचा एखादा बिंदू बोटाने धरून ओढता येतो आणि सारी आकृती डोळ्यांदेखत बदलते. या बदलण्यातच सगळे मर्म आहे. ते कसे, हे पायरीपायरीने पाहू. कागद-पेन्सिल जवळ असू द्या. मोबाइल असेल तर तोही घ्या.

प्रथम या साधनाची थोडी ओळख करून घेऊ. पडद्यावर रेघ काढावी आणि ‘ही रेघ त्या रेघेएवढीच राहील’ अशी अट यंत्राला घालावी, ही कल्पना अमेरिकेत इव्हान सदरलँड यांनी १९६३ साली ‘स्केचपॅड’ नावाच्या आपल्या कामात प्रत्यक्षात आणली. शाळेच्या भूमितीसाठी फ्रान्समध्ये ‘काब्री’ आणि अमेरिकेत ‘जिओमीटर्स स्केचपॅड’ ही सॉफ्टवेअर त्यानंतर निघाली. २००१ साली ऑस्ट्रियातील साल्झबुर्ग येथे मार्कुस होहेनवार्टर यांनी आपल्या विद्यापीठातील अभ्यासाचा भाग म्हणून ‘जिओजेब्रा’ तयार करण्यास सुरुवात केली. शाळेतील वापरासाठी ते विनामूल्य मिळते. एकदा मोबाइलवर उतरवून घेतले की पुढे इंटरनेट नसले तरी चालते, ही गोष्ट आपल्याकडच्या गावांच्या दृष्टीने मोलाची. बालभारतीच्या इयत्ता दहावीच्या गणित भाग दोनच्या पुस्तकातही जिओजेब्राच्या साहाय्याने आकृत्या काढून पाहण्यास सांगितले आहे. तेव्हा हे अभ्यासक्रमाबाहेरचे खूळ नव्हे.

आता कामाला लागू. जिओजेब्रा उघडले की पडद्यावर आडवी-उभी अक्षे आणि चौकटींची जाळी दिसते. ती दोन्ही आधी बंद करावीत. याला कारण आहे. जाळी चालू असली की बिंदू तिच्या चौकांवर आपोआप चिकटतात, आकृती फुकटच नीटनेटकी दिसते आणि मुलांना वाटते, जमले! वरच्या साधनपट्टीत पहिले साधन बाणाच्या चिन्हाचे असते. त्याला ‘मूव्ह’ म्हणतात. बिंदू ओढावयाचा झाला की नेहमी हेच साधन निवडावे.

पहिल्या खेपेस मुलांना काहीही न शिकवता एवढेच सांगा : “समद्विभुज त्रिकोण काढा.” बहुतेक पोरं काय करतील ते सांगतो. तीन बिंदू ठेवतील, ते जोडतील, बाजूंची लांबी पडद्यावर दाखवून घेतील, आणि मग एक बिंदू इकडे-तिकडे सरकवत दोन बाजूंपुढे ४ आणि ४ हे आकडे आणतील. वर्गात आनंदी-आनंद होईल. तो होऊ द्या. मग शांतपणे म्हणा, “आता याचा एक कोपरा धरून ओढा बरे.” बिंदू हलला की ४ चे ४.७ होतील, दुसरी बाजू ३.६ होईल, आणि त्रिकोणाचे समद्विभुजपण गेले!

येथे थांबून मुलांशी बोलावे. तो त्रिकोण समद्विभुज दिसत होता, पण समद्विभुज असण्याचे त्याच्यापाशी काही कारण नव्हते. योगायोगाने दोन बाजू सारख्या आल्या होत्या, इतकेच. चित्र आणि रचना यांत जो भेद आहे तो हाच. चित्र एका जागी बरोबर असते. रचनेत बाजू सारख्या राहण्याचे कारणच आत बांधलेले असते, म्हणून ती कोठेही ओढली तरी तिचा गुण जात नाही. कागदावर हा भेद कळणे कठीण, कारण कागदावरची रेघ हलत नाही. पट्टीने मापून काढलेला त्रिकोण आणि परकाराने रचलेला त्रिकोण तेथे शेजारी-शेजारी सारखेच दिसतात. पडद्यावर मात्र ओढताक्षणी खरे-खोटे बाहेर येते.

तर मग खरा समद्विभुज त्रिकोण कसा रचावा? तीन रीती सांगतो.

पहिली रीत वर्तुळाची. अ हा बिंदू ठेवा. थोड्या अंतरावर ब ठेवा. आता साधनपट्टीतून ‘सर्कल विथ सेंटर थ्रू पॉइंट’ हे साधन घ्या. आधी अ ला आणि मग ब ला स्पर्श करा. अ हे केंद्र असलेले आणि ब मधून जाणारे वर्तुळ उमटेल. त्या वर्तुळावरच कोठेतरी क हा बिंदू ठेवा आणि ‘पॉलिगॉन’ या साधनाने अ, ब, क, पुन्हा अ असे जोडा. अब आणि अक या दोन्ही एकाच वर्तुळाच्या त्रिज्या. म्हणून त्या सारख्या. येथे पट्टीने काही मोजलेच नाही, हे ध्यानात धरा. खुंटीला दाव्याने बांधलेले वासरू दावे ताणून चरत फिरले तर ते खुंटीपासून सदैव तेवढ्याच अंतरावर असते. अ ही खुंटी, ब आणि क ही त्याच लांबीच्या दाव्यांची दोन वासरे. ती कोठेही गेली तरी दावी सारखीच.

आता ओढून पाहा. क ओढला तर तो वर्तुळ सोडून जात नाही. फक्त गोल फिरतो. ब ओढला तर वर्तुळच लहान-मोठे होते आणि क त्याच्याबरोबर येतो. जिओजेब्रात बिंदूंचे रंगही हेच सांगतात. पूर्ण मोकळा बिंदू निळा, वर्तुळावर किंवा रेषेवर बांधलेला बिंदू फिकट निळा, आणि जो इतरांवरून ठरतो व स्वतः हलवता येत नाही तो काळसर. कोणता बिंदू किती मोकळा आहे, हे मुलांना रंगावरून ओळखू द्या.

दुसरी रीत लंबदुभाजकाची. या वेळी पायापासून सुरुवात करू. ब आणि क ठेवून ‘सेगमेंट’ या साधनाने रेषाखंड बक काढा. मग ‘परपेंडिक्युलर बायसेक्टर’ म्हणजे लंबदुभाजक हे साधन घेऊन रेषाखंडाला स्पर्श करा. बक च्या मध्यातून जाणारी आणि त्याला काटकोन करणारी रेषा मिळेल. या रेषेवर अ ठेवा आणि त्रिकोण पुरा करा. अ त्या रेषेवरून वर-खाली सरकवा. त्रिकोण उंच होईल, ठेंगणा होईल, पायाच्या खाली जाऊन उलटाही होईल. पण दोन बाजू सारख्याच राहतील. कारण लंबदुभाजकावरचा प्रत्येक बिंदू रेषाखंडाच्या दोन्ही टोकांपासून सारख्याच अंतरावर असतो. मधल्या एका क्षणी अ नेमका पायावर येईल आणि त्रिकोण नाहीसा होऊन नुसती रेघ उरेल. मुले हा क्षण पाहून हसतात. त्यांना विचारा : त्रिकोण कोठे गेला?

तिसरी रीत दोन वर्तुळांची. हिच्यात ‘स्लायडर’ वापरावयाचा. स्लायडर म्हणजे पडद्यावरची एक दांडी. तिच्यावरचे टिकले सरकवले की एक संख्या कमी-जास्त होते. ही संख्या ० ते १० पर्यंत ठेवा आणि तिला त असे नाव समजा. बक हा पाया ६ लांबीचा घ्या. ब केंद्र धरून त त्रिज्येचे एक वर्तुळ काढा आणि क केंद्र धरून त्याच त्रिज्येचे दुसरे. दोन्ही वर्तुळे जेथे छेदतात तो अ. दोघांची त्रिज्या एकच, म्हणून अब आणि अक सारख्या. परकाराने आपण वहीत हेच करतो. फरक एवढाच की येथे परकाराचे पाय किती उघडावेत हे चालू कामात बदलता येते.

आता स्लायडर ५ वर आणा. त्रिकोण नीट दिसेल. त्याची उंची ४ भरेल, कारण अर्ध्या पायाचे ३, बाजूचे ५ आणि उंचीचे ४ हे आपले ओळखीचे त्रिकूट आहे. स्लायडर ६ वर आणा. तिन्ही बाजू सारख्या झाल्या. म्हणजे समभुज त्रिकोण हा समद्विभुज त्रिकोणाचाच एक विशेष प्रकार आहे, हे न सांगता दिसले. आता हळूहळू मागे या. ४, ३.५, ३.२... त्रिकोण दबत चालला. ३ वर दोन्ही वर्तुळे एकमेकांना नुसती टेकतात आणि त्रिकोण पायावर झोपतो. ३ च्या खाली गेलात की वर्तुळे एकमेकांना भेटतच नाहीत आणि त्रिकोण पडद्यावरून नाहीसा होतो. “त्रिकोणाच्या कोणत्याही दोन बाजूंची बेरीज तिसरीपेक्षा मोठी असते,” हे वाक्य मुले पाठ म्हणतात. ते खोटे झाले तर काय होते, हे त्यांना येथे दिसते. ५, ५ आणि १२ अशा बाजूंचा त्रिकोण का काढता येत नाही, हे पुन्हा समजावून सांगावे लागत नाही.

बाजूंनंतर कोनांकडे वळा. तिन्ही कोनांची मापे पडद्यावर दाखवून घ्या. शिरोबिंदूपाशी ४० अंश असले तर पायालगतचे दोन्ही कोन ७०-७०. शिरोबिंदूपाशी ९० केले तर ४५-४५. १२० केले तर ३०-३०. मुलांना आधी अंदाज सांगू द्या, मग ओढू द्या. मग जरा अवघड प्रश्न टाका : पायालगतचा कोन काटकोन करून दाखवाल का? पोरं अ ला वर-वर नेत राहतील. कोन ८५ होईल, ८८ होईल, ८९ होईल, पण ९० काही होणार नाही. का? कारण पायालगतचे दोन्ही कोन सारखे. दोन्ही ९० झाले तर तिथेच १८० पुरे झाले, शिरोबिंदूसाठी काही उरलेच नाही.

येथे एक इशारा दिला पाहिजे. जिओजेब्रा लांबी साधारणपणे दोन दशांश स्थळांपर्यंत दाखवते. खरी लांबी ३.९९८ असली तरी पडद्यावर ४ असे दिसते. तेव्हा पडद्यावर आकडे सारखे दिसले, म्हणून बाजू सारख्या सिद्ध झाल्या असे नाही. हजार वेळा ओढून पाहिले तरी ते हजार दाखले झाले, सिद्धता नव्हे. ओढून पाहण्याने दोन गोष्टी होतात. खोटी रचना उघडी पडते, आणि खऱ्या रचनेविषयी ‘हे असे का?’ हा प्रश्न मनात उभा राहतो. त्या प्रश्नाचे उत्तर मात्र तर्कानेच द्यावे लागते.

आणि ते उत्तर अवघड नाही. दोन बाजू सारख्या असतील तर त्यांच्या समोरचे कोन सारखे असतात, हे प्रमेय युक्लिडने इसवी सनापूर्वी ३०० च्या सुमारास आपल्या ग्रंथाच्या पहिल्याच भागात पाचव्या क्रमांकावर घातले. नववीच्या वर्गात आपण तेच शिकवतो. पुढे पॅपस नावाच्या गणितज्ञाच्या नावावर त्याची एक सुरेख सिद्धता सांगितली जाते. कागदाचा समद्विभुज त्रिकोण कापा. त्याच्याभोवती वहीत पेन्सिलीने रेघ ओढून घ्या. आता कागदी त्रिकोण उचला, पालथा करा आणि पुन्हा त्याच रेघेत ठेवा. तो बरोबर बसतो. कारण डावी बाजू उजवीच्या जागी गेली आणि उजवी डावीच्या. दोन्ही सारख्या आहेत, आणि मधला कोन तोच आहे. दोन बाजू आणि त्यांमधला कोन जुळला की सारा त्रिकोण जुळतो. मग डावीकडचा कोन उजवीकडच्या कोनावर बसणारच. म्हणजेच दोन्ही कोन सारखे. याच पालथे घालण्यातून दुसरेही कळते : शिरोबिंदूपासून पायावर टाकलेला लंब पायाला नेमका मध्यावर गाठतो. हे दुसरे वाक्य मनात पक्के धरा, कारण आता आपण शेतात जाणार आहोत.

आपला गोंदिया जिल्हा धानाचा. १ मे १९९९ रोजी भंडारा जिल्ह्यातून वेगळा झालेला हा आठ तालुक्यांचा प्रदेश तलावांसाठी आणि बांध्यांसाठी ओळखला जातो. बांधीत पाणी सारखे उभे राहावे, हे रोवणी करणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे. एक कोपरा उंच राहिला की तेथे पाणी टिकत नाही आणि तण माजते; दुसरा खोल राहिला की तेथे धान बुडून राहते. सालेकसा-देवरीकडच्या चढउताराच्या जमिनीत तर धुरा समपातळीत आखला नाही, तर पावसाचे पाणी सखल जागी गोळा होऊन तेथूनच धुरा फोडते.

समपातळी काढण्यासाठी महागडे यंत्र हवेच असे नाही. इंग्रजी ‘ए’ अक्षरासारखी लाकडी चौकट त्यासाठी वापरतात. सारख्या लांबीचे दोन बांबू वरच्या टोकाशी बांधावयाचे, दोन्ही पायांवर सारख्याच उंचीवर एक आडवी पट्टी ठोकावयाची आणि वरच्या टोकापासून दोरीला दगड बांधून ओळंबा सोडावयाचा. चौकटीचे दोन्ही पाय समपातळीत असले की ओळंब्याची दोरी आडव्या पट्टीच्या बरोबर मध्यावरून जाते. का? कारण ओळंबा नेहमी सरळ खाली लोंबतो. पाय समपातळीत असतील तर तो पायाच्या रेषेला लंब होतो. आणि समद्विभुज त्रिकोणात शिरोबिंदूपासूनचा लंब पायाला मध्यावर गाठतो. वर्गातले प्रमेय ते हेच!

पण हे केव्हा? दोन्ही पाय खरोखर सारखे असले तरच. समजा, एक पाय २०० सेंटीमीटर आहे, दुसरा चुकून २०५ झाला, आणि दोन पायांमधले अंतर २४० आहे. डोळ्यांना ५ सेंटीमीटरचा फरक फारसा दिसत नाही. पण आता जमीन अगदी समपातळीत असली तरी ओळंबा दोन पायांच्या मध्यापासून सुमारे ४ सेंटीमीटर बाजूला पडतो. हे न जाणता तुम्ही ओळंबा मध्यावर आणून खुणा करत गेलात, तर दोन पायांच्या जागांत सुमारे ६ सेंटीमीटर चढउतार राहील. चौकट न वळवता तशीच पुढे उचलत दहा टप्पे नेलीत तर २४ मीटरच्या धुऱ्यात ६० सेंटीमीटरहून अधिक फरक पडेल. एवढ्या फरकाने बांधीत पाणी कसे सारखे राहणार? म्हणूनच चौकट नेताना एक पाय जागीच ठेवून दुसरा पाय वळवून पुढे टाकावा. मग लांब पाय एकदा पुढे आणि एकदा मागे येतो, आणि एका टप्प्याची चूक पुढच्या टप्प्यात बरीचशी फिटते.

चौकट खरी की खोटी हे कसे ओळखावे? तीही रीत पालथे घालण्याचीच. जमिनीत दोन खुंट्या ठोका. त्यांवर चौकटीचे पाय ठेवा आणि दोरी पट्टीवर जेथे येते तेथे खूण करा. आता चौकट उलट फिरवा, म्हणजे डावा पाय उजव्या खुंटीवर आणि उजवा डाव्या खुंटीवर, आणि पुन्हा खूण करा. दोन खुणा वेगवेगळ्या पडल्या तर खुंट्या समपातळीत नाहीत. जी खुंटी उंच असेल ती थोडी-थोडी खाली ठोकत दोन्ही खुणा एका जागी आणा. खुणा एकच झाल्या की खुंट्या समपातळीत आल्या. आता ती खूण पट्टीच्या नेमकी मध्यावर आहे का, ते मोजा. मध्यावर असेल तर चौकट खरी समद्विभुज. मध्यावर नसेल तर पाय लहान-मोठे आहेत किंवा पट्टी तिरकी ठोकली आहे. तोवर काम अडवून ठेवण्याचे कारण नाही; मध्याऐवजी तीच खूण समपातळीची खूण म्हणून धरावी.

पाहिलेत ना? पडद्यावर बिंदू ओढून जे केले, कागद पालथा करून जे केले, तेच शेतात चौकट फिरवून केले. बाजू सारख्या दिसतात यावर विसंबावयाचे नाही. आकृती हलवावयाची, उलटावयाची आणि तरीही ती टिकते का हे पाहावयाचे.

आता गुरुजींसाठी आणि बाईंसाठी चार शब्द. वर्गात एकच मोबाइल असला तरी चालेल. पाच-सहा मुलांचा गट करा. एकाने बिंदू ओढावा, एकाने मापे वहीत उतरवावीत आणि बाकीच्यांनी ओढण्यापूर्वी अंदाज सांगावा. अंदाज आधी, ओढणे नंतर, हा क्रम मोडू देऊ नका. नाहीतर मुले नुसता खेळ पाहतील आणि विचार यंत्रावर सोपवतील. प्रत्येक रचनेनंतर एकच प्रश्न विचारा : “दोन बाजू सारख्या राहतात त्या कशामुळे?” उत्तर ‘कारण आकडे सारखे आहेत’ असे आले तर ते पुरेसे नाही. ‘कारण दोन्ही एकाच वर्तुळाच्या त्रिज्या आहेत’ असे आले तर मूल भूमिती शिकले.

सॉफ्टवेअर आदल्या दिवशीच उतरवून ठेवा आणि एकदा स्वतः करून पाहा. बोटाखाली बिंदू झाकला जातो, म्हणून आकृती मोठी करून घ्यावी.

आणि मोबाइल नसला, वीज नसली, तर? तर शाळेचे अंगण आहे. ६ हात अंतरावर दोन खुंट्या ठोका. १० हात सुतळी घेऊन तिच्या बरोबर मध्यावर गाठ मारा आणि तिची टोके दोन खुंट्यांना बांधा. गाठ धरून सुतळी बाजूला ताणा. दोन्हीकडे ५-५ हात. झाला समद्विभुज त्रिकोण, आणि त्याची उंची ४ हात. आता एक खुंटी उपटून जवळ किंवा दूर ठोका आणि पुन्हा ताणा. त्रिकोण बदलला, पण समद्विभुज राहिला. खुंट्यांत १० हात अंतर केले तर सुतळी जमिनीवर सरळ पडेल आणि गाठ बाजूला ओढता येणार नाही. ११ हात केले तर सुतळी पुरणारच नाही. पडद्यावर स्लायडर ३ च्या खाली नेल्यावर जे झाले तेच हे. शुल्बसूत्रकार दोरी आणि खुंट्याच वापरत होते, हे मुलांना याच वेळी सांगावे.

गावातल्या सुताराला एके दिवशी शाळेत बोलवा. कैचीची दोन लाकडे सारखी आहेत हे तो कसे ताडून पाहतो, हे त्याच्याकडूनच ऐका. मग मुलांना तीच कैची पडद्यावर रचावयास सांगा; आणि रचून झाली की वर्गातल्या सर्वांत लहान मुलाच्या हाती बोट ठेवण्याचे काम द्या. त्याने कोणताही कोपरा धरून वाटेल तेथे ओढावा. आढे पायाच्या मध्यावर राहिले तर रचना खरी; सरकले तर पुन्हा पहिल्या पायरीपासून सुरुवात करावी.